अक्षत आवाज

गाण्याची आवड असलेल्या घरांतून अलीकडे एक नवा शब्द कानीं पडूं लागला आहे. तो शब्द म्हणजे लॉसलेस. इंटरनेटवरून गाणीं पुरविणाऱ्या कंपन्या तो आपल्या जाहिरातींत ठळक अक्षरांनीं छापतात, आणि घरांतील तरुण मंडळी तो वडील मंडळींना मोठ्या उत्साहानें समजावून सांगतात. ‘कांहींहि न गमावलेला’ असा त्याचा सरळ अर्थ आहे; मराठींत त्याला अक्षत आवाज म्हणतां येईल. परंतु कोणत्या प्रवासांत कांहीं गमावलें नाहीं, आणि एरव्हीं तें गमावतो तरी कोण, हे दोन प्रश्न विचारल्यावांचून या शब्दाची खरी किंमत कळत नाहीं. अशा वेळीं नुसत्या व्याख्या करीत बसण्यापेक्षां एखादी प्रत्यक्ष तबकडी समोर ठेवून विचार केलेला बरा. क्वीन या इंग्रजी वाद्यवृंदाची ‘ग्रेटेस्ट हिट्स’, म्हणजे निवडक लोकप्रिय गाण्यांची तबकडी, या कामीं विशेष उपयोगी पडते.

ही तबकडी १९८१ सालीं निघाली. १९७४ पासून १९८० पर्यंत क्वीनचीं जीं गाणीं ब्रिटनमध्यें लोकांच्या तोंडीं बसलीं होतीं, त्यांतील १७ निवडून ती सिद्ध करण्यांत आली. २०२२ च्या जुलै महिन्यांत, विक्री आणि इंटरनेटवरील श्रवण यांचा एकत्र हिशेब धरून, तिनें ब्रिटनमध्यें ७० लाख प्रतींचा टप्पा गांठला. असा टप्पा गांठणारी ती त्या देशांतील पहिलीच तबकडी ठरली. या वृंदाचा प्रमुख गायक फ्रेडी मर्क्युरी. त्याचें मूळ नांव फारोख बलसारा. जन्म ५ सप्टेंबर १९४६ रोजीं झांजीबार बेटावर, एका पारशी कुटुंबांत. महाराष्ट्राशीं त्याचा संबंध शाळेपासूनचा आहे. लहानपणींच त्याला पांचगणीच्या सेंट पीटर्स शाळेंत शिकावयास ठेवण्यांत आलें होतें. पियानोचे धडे त्यानें तेथें गिरविले, आणि ‘हेक्टिक्स’ नांवाचा विद्यार्थ्यांचा वाद्यवृंदहि तेथेंच उभा राहिला. १९६४ सालीं झांजीबारमध्यें क्रांति झाल्यावर त्याचें कुटुंब इंग्लंडांत येऊन राहिलें. २४ नोव्हेंबर १९९१ रोजीं लंडन येथें त्याचा अंत झाला. म्हणजे या आवाजांत आतां नवी भर पडावयाची नाहीं. जेवढें फितीवर उतरलें तेवढेंच उरलें. आणि म्हणूनच तें श्रोत्याच्या कानापर्यंत कसें पोंचतें, हा प्रश्न केवळ यंत्रांच्या हौशी लोकांचा राहत नाहीं.

प्रथम हा आवाज फितीवर कसा उतरला तें पाहिलें पाहिजे. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ हें या संग्रहांतील पहिलें गाणें. १९७५ सालीं वेल्समधील रॉकफील्ड येथें त्याच्या ध्वनिमुद्रणास प्रारंभ झाला. गाण्याच्या मधल्या भागांत युरोपीय संगीतनाटकाच्या धर्तीवर एक मोठा समूहगायनाचा प्रसंग आहे. ऐकणाऱ्यास वाटतें कीं रंगमंचावर पन्नास-साठ गायक उभे असावेत. प्रत्यक्षांत ते तिघेच आहेत : मर्क्युरी, गिटारवादक ब्रायन मे आणि ड्रमवादक रॉजर टेलर. या तिघांनीं तेच तेच स्वर पुनःपुन्हां गाऊन एकावर एक चढविले. यंत्राच्या फितीवर आवाजाचे २४ पट्टे मावत. ते भरत आले कीं त्यांतील कित्येक एकत्र करून दुसऱ्या पट्ट्यावर उतरवावयाचे, आणि मोकळ्या झालेल्या जागेंत पुन्हां गावयाचें, असा क्रम चालला. असे थर सुमारें १८० पर्यंत गेल्याचें सांगतात. फीत यंत्रांतून इतक्या वेळां फिरली कीं तिच्यावरील चुंबकीय लेप झिजून गेला, आणि ती उजेडासमोर धरली असतां आरपार दिसूं लागलें.

येथें एक गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे. चुंबकीय फितीवरील आवाजाची नक्कल केली कीं प्रत्येक वेळीं थोडी खरखर वाढते आणि वरच्या स्वरांतील बारकावे थोडे बोथट होतात. त्या दृष्टीनें पाहतां हें गाणें जन्मतःच बरेंचसें गमावून आलेलें आहे. परंतु तें गमावणें गायकांच्या आणि त्यांचा निर्माता रॉय थॉमस बेकर याच्या समक्ष झालेलें आहे. थोडी स्वच्छता खर्ची घालून त्यांनीं तो दाट समूहस्वर मिळविला, आणि हा सौदा त्यांना पटला म्हणूनच गाणें बाहेर पडलें.

दुसरें उदाहरण याच्या अगदीं उलट प्रकारचें आहे. ‘वुई विल रॉक यू’ या १९७७ च्या गाण्यांत शेवटीं गिटार वाजेपर्यंत वाद्य असें जवळजवळ नाहींच. पायांचे ठोके, टाळ्या आणि मर्क्युरीचा आवाज, एवढाच सारा संसार. लंडनमधील वेसेक्स स्टुडिओ ही पूर्वीची चर्चची वास्तु. तेथें लांकडी फळ्यांवर पाय आपटून आणि टाळ्या वाजवून हें ध्वनिमुद्रण करण्यांत आलें. ब्रायन मे हा पदार्थविज्ञानाचा विद्यार्थी. पुढें २००७ सालीं त्यानें खगोलभौतिकींत डॉक्टरेट मिळविली. त्यानें त्या ठोक्यांच्या नकला निरनिराळ्या अंतरांनीं मागें सारून मुळांत मिसळल्या, आणि हीं अंतरें दोन, तीन, पांच, सात अशा मूळ संख्यांच्या प्रमाणांत ठेवलीं. अशा संख्यांना एकमेकींनीं भाग जात नसल्यामुळें ठोके ठराविक जागीं पुन्हां जुळून येत नाहींत. त्यामुळें प्रतिध्वनि ऐकूं आल्याचा भास न होतां मोठा जमाव एकदम टाळ्या वाजवीत आहे असें वाटतें. या गाण्याचें सारें सौंदर्य टाळीच्या धारदार पहिल्या क्षणांत आहे. ती धार गेली तर मागें उरतें तें थपथपणें.

मूळ फितीपासून श्रोत्याच्या घरापर्यंतच्या वाटेवर हा आवाज ज्या ज्या वाहनांत बसला, त्या प्रत्येकानें आपापला जकातीचा वांटा घेतला. १९८१ सालचें वाहन म्हणजे काळी तबकडी. १७ गाणीं मिळून सुमारें ५८ मिनिटें होतात. म्हणजे एका बाजूस सरासरी २९ मिनिटें. अशा तबकडीच्या एका बाजूस सुमारें २० मिनिटें हें सोईचें माप समजलें जातें. त्याहून अधिक बसवावयाचें तर चरे अगदीं जवळ जवळ काढावे लागतात. आणि खर्जाच्या आवाजास चऱ्यांत आडवी जागा फार लागत असल्यामुळें सबंध ध्वनि हळू आणि खर्ज आंखूड करावा लागतो. एका तबकडींत १७ गाणीं मिळाल्याचा गिऱ्हाइकास आनंद झाला खरा, पण त्याची कांहीं किंमत आवाजानें चुकविली.

यानंतरचें वाहन कॉम्पॅक्ट डिस्क. १ ऑक्टोबर १९८२ रोजीं ती जपानांत विक्रीस आली. तिच्यांत आवाज चऱ्यांनीं कोरलेला नसून आंकड्यांनीं लिहिलेला असतो. दर सेकंदास ४४,१०० वेळां ध्वनिलहरीची उंची मोजावयाची आणि ती ६५,५३६ पायऱ्यांपैकीं कोणत्या पायरीवर आहे तें टिपून ठेवावयाचें, असें हें काम. डाव्या आणि उजव्या बाजूच्या आवाजाची टिपणी निराळी. गणितशास्त्र असें सांगतें कीं मोजण्यांच्या संख्येच्या निम्म्याहून कमी जेवढीं कंपनें असतील, तेवढीं सर्व या आंकड्यांवरून परत उभीं करतां येतात. येथें हें निम्में २२,०५० भरतें. आणि तरुण, निरोगी माणसाचा कान सेकंदास सुमारें २०,००० कंपनांपर्यंतच ऐकतो. वय वाढतें तशी ही मर्यादा खालीं येत जाते. तेव्हां कानाच्या दृष्टीनें हें माप पुरेसें आहे. अडचण एवढीच कीं या हिशेबानें आपल्या ५८ मिनिटांच्या संग्रहास सुमारें ६१ कोटि बाइट जागा लागते.

१९९० नंतरच्या काळांत संगणक घरोघर येऊं लागले, तेव्हां एवढें ओझें टेलिफोनच्या तारेवरून नेणें फार अवघड होतें. त्यावर जर्मनींतील एर्लांगेन येथील फ्राउनहोफर संस्थेंत कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग आणि त्याचे सहकारी यांनीं केलेलें काम उपयोगी पडलें. त्यांतून निघालेल्या पद्धतीचें एमपी३ हें नांव १९९५ सालीं रूढ झालें. तिचें मर्म माणसाच्या कानाच्या एका उणिवेंत आहे. देवळांत नगाऱ्यावर टिपरूं पडत असतांना शेजारचा कोणी कुजबुजला तर तें ऐकूं येत नाहीं. तसेंच मोठ्या आवाजाच्या आड जे लहान आवाज कानास लागणार नाहींत असें गणितानें ठरतें, त्यांचा तपशील ही पद्धत टाकून देते. नेहमींच्या १२८ किलोबिटच्या मापानें ६१ कोटींचे साडेपांच कोटि होतात. जवळजवळ अकरावा हिस्सा.

तार आणि पत्र यांत जो फरक होता तोच हा. भारतांतील तारसेवा २०१३ सालीं बंद झाली, तरी शब्द मोजून लिहिलेल्या तारेची आठवण पुष्कळ घरांत अजून असेल. तारेनें निरोप पोंचत असे. पण लिहिणाऱ्याची भाषा पोंचत नसे, आणि तारेवरून मूळ पत्र पुन्हां कोणालाहि लिहितां येत नसे. एमपी३ मध्यें टाकलेलें असेंच कायमचें जातें. शिवाय ही पद्धत आवाजाचे लहान लहान तुकडे करून त्यांवर काम करते, आणि तुकड्यांत झालेली चूक त्या सबंध तुकड्यावर पसरते. टाळीसारखा एकाएकीं फुटणारा आवाज तुकड्याच्या मध्यें आला, तर ती चूक टाळीच्या आधींच्या शांततेंतहि सांडते. टाळीच्या आधींच तिची पुसट सांवली पडते आणि धार बोथटते. ‘वुई विल रॉक यू’ सारख्या गाण्यास हा दोष बाधतो तो यामुळें.

लॉसलेस पद्धतीनें हाच प्रश्न निराळ्या रीतीनें सोडविला. तिची रीत समजण्यास घरांतील दुधाच्या रतिबाचा हिशेब पुरेसा आहे. रोज दोन लिटर दूध ठरलेलें असलें म्हणजे कॅलेंडरवर तीसहि दिवस ‘दोन, दोन’ असें कोणी लिहीत नाहीं. ज्या दिवशीं खाडा झाला किंवा अर्धा लिटर जादा घेतलें, तेवढेंच लिहावयाचें. लिहिणें थोडें, पण महिनाअखेरीस हिशेब पैन्‌पै जुळतो. लॉसलेस पद्धतींत मागच्या आंकड्यांवरून पुढचा आंकडा काय असावा याचा अदमास करण्यांत येतो, आणि अदमास व प्रत्यक्ष यांतील फरक तेवढा लिहून ठेवतात. ऐकतांना अदमासांत फरक मिळविला कीं मूळ आंकडा जशाचा तसा हातीं येतो. जोश कोल्सन यानें आरंभिलेली फ्लॅक ही अशी पद्धत २००१ सालीं पूर्ण स्वरूपांत प्रसिद्ध झाली आणि ती सर्वांस मोफत खुली आहे. तिनें जागा साधारणपणें निम्म्यापासून दोन-तृतीयांशापर्यंत लागते, आणि एकहि आंकडा बदलत नाहीं. पुढें तारा आणि लहरी वेगवान झाल्यावर ॲपलनें २०२१ सालीं आणि स्पॉटिफायनें २०२५ सालीं आपल्या वर्गणीदारांना असा आवाज देण्यास सुरुवात केली.

आतां मूळ प्रश्नाकडे वळण्यास हरकत नाहीं. गाण्यांतून कांहीं गमावलें जाणें ही गोष्ट स्वभावतः वाईट नाहीं. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ची झिजलेली फीत हा त्याचा पुरावा आहे. काय सोडावें आणि काय ठेवावें हें ठरविणें हा कलावंताच्या कामाचाच एक भाग आहे. परंतु वाटेंत गमावलें जातें तें कलावंतास विचारून नव्हे. कधीं चऱ्यांना जागा अपुरी म्हणून, कधीं तार अरुंद म्हणून, तर कधीं पुरवठादारास स्वस्त पडतें म्हणून तें जातें. लॉसलेसचें खरें पुण्य एवढेंच आहे कीं वाटेंतल्या माणसास गाण्यांतून कांहीं निवडून टाकण्याचा अधिकार तें देत नाहीं. गायकानें जेवढें गमावलें तेवढेंच गमावलेलें राहतें.

मात्र याहून अधिक कांहीं त्या शब्दांत आहे असें समजल्यास फसगत व्हावयाची. तो शब्द वाहतुकीविषयीं हमी देतो; मालाविषयीं देत नाहीं. याच संग्रहांतील ‘फॅट बॉटम्ड गर्ल्स’ हें गाणें पाहावें. १९७८ च्या ‘जॅझ’ या मूळ तबकडींत तें सुमारें सव्वाचार मिनिटांचें आहे. निवडक गाण्यांच्या संग्रहांत मात्र स्वतंत्र विक्रीसाठीं कापलेला त्याचा पाठ घेतलेला आहे. त्यांत जवळजवळ एक मिनिट कमी भरतें. हा कापलेला पाठ कितीहि अक्षत रीतीनें घरीं आला, तरी तें मिनिट कांहीं परत येत नाहीं. शिवाय याच नांवाची तबकडी १९८१ सालीं अमेरिकेंत निघाली ती १४ गाण्यांची, आणि त्यांत ब्रिटिश आवृत्तींत नसलेलें गाणेंहि होतें. एकाच नांवाखालीं दोन वस्तु नांदत असतील, तर कोणती वस्तु जशीच्या तशी मिळाली हें पाहणें गिऱ्हाइकाचें काम आहे.

दुसरी गोष्ट नव्या संस्कारांची. जुन्या फिती कांहीं वर्षांनीं पुन्हां काढून त्यांवरून नवी विक्रीची प्रत तयार करतात. हें काम मन लावून केलें तर जुन्या आवाजावरील धूळ झाडली जाते. परंतु १९९० नंतर आपलें गाणें शेजारच्याच्या गाण्यापेक्षां मोठ्यानें वाजावें अशी एक चढाओढ कंपन्यांत लागली. त्यासाठीं हळू भाग वर उचलून आणि मोठे भाग दाबून सर्व आवाज एका पातळीवर आणला जाई. मेटॅलिका या अमेरिकन वृंदाच्या २००८ च्या ‘डेथ मॅग्नेटिक’ या तबकडीविषयीं तर खुद्द तिच्या चाहत्यांनींच उघड तक्रार केली. कारण तींच गाणीं एका संगणकीय खेळांत अधिक मोकळ्या आवाजांत ऐकूं येत होतीं. असा दाबलेला आवाज लॉसलेस केला म्हणजे तो अक्षत रीतीनें दाबलेला राहतो, इतकेंच.

तिसरी आणि सर्वांत गंभीर गोष्ट मूळ फितीच्या आयुष्याची. निवडक गाण्यांचा संग्रह करतांना निरनिराळ्या वर्षांच्या फितींवरून एक नवी फीत करण्याची त्या काळीं सर्वत्र पद्धत होती. म्हणजे संग्रह हा बहुधा नकलेचीच नक्कल असे. अधिक चांगली प्रत हवी तर मुळाकडेच जावें लागतें, आणि मूळ जपलेलें असावें लागतें. १ जून २००८ रोजीं हॉलिवूडमधील युनिव्हर्सल स्टुडिओच्या आवारांत आग लागली आणि तेथें सांठवून ठेवलेल्या ध्वनिमुद्रणाच्या अनेक मूळ फिती जळून गेल्या. या नुकसानीची व्याप्ति लोकांपुढें आली ती २०१९ सालीं, न्यूयॉर्क टाइम्स मासिकांतील वृत्तांतामुळें. जे गायक हयात नाहींत त्यांच्या बाबतींत अशी हानि कशानेंहि भरून निघत नाहीं. तेथें एखाद्यानें वेळींच करून ठेवलेली अक्षत नक्कल हीच मुळाच्या जागीं उभी राहते. लॉसलेस पद्धतीचा मोठा उपयोग दिवाणखान्यापेक्षां संग्रहालयांत आहे तो असा.

मग घरांतल्या श्रोत्यानें काय करावें ? ३२० किलोबिटच्या चांगल्या एमपी३ ची आणि लॉसलेसची तुलना कोणती कोणती हें न सांगतां करविली, तर बहुतेकांना फरक ओळखतां येत नाहीं, हें प्रामाणिकपणें मान्य केलें पाहिजे. शिवाय लॉसलेस गाणें साध्या ब्लूटूथच्या कर्णयंत्रावर ऐकलें, तर शेवटच्या चार हातांच्या प्रवासांत त्याची पुन्हां काटछांट होते. तारेचें कर्णयंत्र असल्यास ती होत नाहीं. सेकंदास ९६,००० किंवा १,९२,००० मोजण्यांचा जो आणखी वरचा दर्जा विकला जातो, तो ध्वनिमुद्रण करणाऱ्यास कामाचा असला तरी ऐकणाऱ्याच्या कानास त्याची गरज नाहीं. त्यासाठीं जादा पैसे मोजण्यापेक्षां बरे ध्वनिक्षेपक घेणें आणि ते खोलींत योग्य जागीं मांडणें यांत अधिक लाभ आहे.

परंतु जीं गाणीं घरांत कायम ठेवावयाचीं आहेत, ज्यांच्यावरून पुढें आणखी नकला व्हावयाच्या आहेत, त्यांची प्रत लॉसलेसच असावी. एकदां टाकलेलें पुन्हां मिळत नाहीं, आणि काटछांटीवर काटछांट झाली म्हणजे दोष सांचत जातात. हा नियम क्वीनच्या तबकडीस लागू आहे, आणि आजीनें म्हटलेल्या ओंव्या किंवा आजोबांची बैठक ज्या घरांत जुन्या कॅसेटवर पडून आहे, त्या घरासहि तो तितकाच लागू आहे. ती कॅसेट संगणकावर उतरवितांना जागा वांचविण्याच्या मोहास बळी पडूं नये; आणि उतरविल्यावर कॅसेट फेकून देऊं नये. पांचगणीच्या शाळेंत पियानो शिकलेल्या मुलाचा आवाज जपण्यास मोठ्या कंपन्या आहेत. घरच्या माणसाचा आवाज जपणारें घराखेरीज दुसरें कोणी नसतें.